पाकिटात राहिलेली बढती

आमच्याकडे पारावर एक वाक्य हमखास ऐकू येतं. "आम्ही साहेबाची तक्रार केली, अन् सरकारनं त्याला बढती दिली!" राग खोटा नाही. पण यामागचा कायदा मला पुस्तकातून नव्हे, अंगावर बेतल्यावर कळला, म्हणून सांगतो.

२०१६ साली 'मागेल त्याला शेततळे' योजना आली. अनुदान जास्तीत जास्त पन्नास हजार. मी तेव्हा कृषी पर्यवेक्षक. मार्चअखेर, कागदांचा ढीग, वरून फोनवर फोन. एका गावच्या तळ्याची लांबी-रुंदी तीस मीटर, खोली तीन मीटर असं माप हाताखालच्या माणसानं आणलं आणि मी सही ठोकली. तळ्यावर गेलोच नाही. गावच्या एका वडीलधाऱ्या शेतकऱ्यानं अर्ज दिला, की खोली भरत नाही आणि साहेबानं पैसे खाल्ले. तपासणीत खोली सव्वादोन मीटर भरली.

पैशाला मी शिवलो नव्हतो. सही मात्र माझीच होती.

२०१९ च्या अखेरीस दोषारोपपत्र हातात पडलं. पुढच्या वर्षी बढतीच्या यादीत माझं नाव आलं, पण समितीनं माझ्याबद्दलचं मत मोहोरबंद पाकिटात घालून ठेवलं. माझ्यामागून नोकरीला लागलेला एकजण कृषी अधिकारी झाला. त्याच्या पेढ्याचा घास काही केल्या उतरेना. घरी बायको म्हणाली, "तुम्ही खाल्लं नाही ना? मग जेवा." पण तिलाही भावकीत उत्तरं द्यावी लागत होतीच.

हे पाकीट म्हणजे काय, ते ऐका. सर्वोच्च न्यायालयानं १९९१ साली जानकीरामन खटल्यात सांगितलं, की नुसता अर्ज आला, प्राथमिक चौकशी चालू आहे, एवढ्यावर कुणाची बढती अडवता येत नाही. दोषारोपपत्र दिलं गेलं, किंवा फौजदारी खटल्यात आरोपपत्र दाखल झालं, तरच पाकीट. नाहीतर कुणीही उठून निनावी चिठ्ठी टाकायची आणि चांगल्या माणसाची वाट अडवायची! म्हणून तुमचा अर्ज पोचूनही साहेब वर चढतो, कारण तोवर त्याला दोषारोपपत्र मिळालेलंच नसतं. आता, कधीकधी ते मुद्दाम रेंगाळवलंही जातं. तीस वर्षं नोकरी केली आहे, खोटं कशाला बोलू?

पूर्ण निर्दोष सुटला, तर पाकीट फोडतात आणि मागच्या तारखेपासून बढती धरतात. शिक्षा झाली, मग ती लहान का असेना, तर पाकिटातल्या मताला किंमत राहत नाही. पुढच्या समितीपुढं नव्यानं उभं राहायचं.

चौकशीत तो शेतकरी साक्षीला आला. फेटा नीट करत म्हणाला, "पैसे घेताना म्या पाहिलं न्हाई. लोक म्हनत व्हते म्हनून लिवलं. पर ह्ये तळ्यावर आले न्हाईत, ह्ये खरं." त्या एका वाक्यानं मला वाचवलं आणि अडकवलंही. पैशाचा आरोप टिकला नाही. निष्काळजीपणाबद्दल ठपका बसला. शिक्षांत सर्वांत हलकी ती, पण शिक्षाच. पाकीट न फोडताच राहिलं. त्यात 'योग्य' होतं की 'अयोग्य', मला आजवर ठाऊक नाही.

मला राग आला तो ठपक्याचा नव्हे. अडीच वर्षं लागली त्याचा. तळ्याची खोली मोजायला अर्धा तास पुरतो.

२०२३ च्या यादीत बढती मिळाली. परवा त्याच गावी दुसऱ्या एका तळ्याचं माप होतं. म्हातारबुवा बांधावरून आले, म्हणाले, "साहेब, आज सोता आलात व्हय?" आणि टेपचं दुसरं टोक धरून उतारावरून खाली निघाले. मीच ओरडलो, "आबा, जपून, चिखल आहे."