अटकपूर्व जामीन आणि आपली फिर्याद



"अ‍ॅट्रॉसिटीत जामीनच मिळत नाही," हे वाक्य आम्ही उंब्रज आणि आसपासच्या वस्त्यांत अनेक वर्षे ऐकत आलो आहोत. फिर्याद नोंदली की आपली माणसे निर्धास्त होतात. मग पंधरा दिवसांत आरोपी कोर्टाचा कागद घेऊन गावात उजळ माथ्याने फिरू लागला, की तीच माणसे म्हणतात, "कायदा विकला गेला." या दोन्ही समजुती आपले नुकसान करतात.

अटक होईल या धास्तीने माणूस सत्र न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात आधीच अर्ज करतो, तो अटकपूर्व जामिनाचा. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४३८ होते. १ जुलै २०२४ पासून नव्या संहितेत ते कलम ४८२ झाले. गुन्हा किती गंभीर, अर्जदार पळून जाईल का, साक्षीदारांना धमकावील का, त्याला सूडाने गोवले आहे का, हे न्यायाधीश पाहतात. मोर्चानंतर आपल्या एखाद्या पोराचे नाव उगाच घुसडले गेले, तर हीच तरतूद त्याच्या कामी येते. म्हणून तिला आम्ही वाईट म्हणत नाही.

पण १९८९ च्या अत्याचार प्रतिबंध कायद्याच्या कलम १८ ने हा मार्ग बंद केला. आरोपी मोकळा राहिला तर गावातल्या गरिबाला साक्ष देऊ देणार नाही, हे त्यामागचे कारण. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली बालोठिया प्रकरणात ही बंदी योग्य ठरवली.

या बंदीला मोठा हादरा बसला तो आपल्याच तालुक्यातल्या प्रकरणातून. कराडच्या शासकीय औषधनिर्माण महाविद्यालयातील एका कर्मचाऱ्याच्या गोपनीय अहवालातील शेऱ्यांवरून वाद झाला आणि २०१६ साली कराडला गुन्हा नोंदला गेला. त्यातूनच सुभाष काशिनाथ महाजन विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा निकाल २० मार्च २०१८ रोजी लागला. आधी चौकशी करा, वरिष्ठांच्या मंजुरीशिवाय अटक करू नका, असे त्यात म्हटले होते. २ एप्रिलला देशभर बंद झाला, माणसे मेली. त्याच वर्षी संसदेने कलम १८-अ घातले; चौकशीची आणि मंजुरीची अट गेली. १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयाने ते निर्देश मागे घेतले आणि १० फेब्रुवारी २०२० रोजी १८-अ वैध ठरवले.

मात्र त्या निकालात एक गोष्ट राहिली: फिर्यादीवरून प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल, तर बंदी लागू होत नाही. सगळा खेळ इथे आहे. न्यायाधीश त्या वेळी साक्षीपुरावा तपासत नाहीत, फिर्यादीचा कागद वाचतात.

आमच्या नात्यातल्या एका बाईंना भर रस्त्यात, चार माणसांदेखत जातीवरून बोलले गेले. ठाण्यात लिहिणाऱ्याने "शिवीगाळ व दमदाटी केली" एवढेच लिहिले. जातीचा शब्द नाही, जागा नाही, ऐकणाऱ्यांची नावे नाहीत. बाईंनी अंगठा दिला. जामीन झाला.

उलट धाराशिव जिल्ह्यातील एका प्रकरणात, निवडणुकीतील मतदानावरून घराबाहेर मारहाण झाल्याची फिर्याद होती. जातिवाचक शब्द आणि जागा तीत स्पष्ट होती. उच्च न्यायालयाने दिलेला अटकपूर्व जामीन सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी रद्द केला.

म्हणून फिर्याद देताना शिकलेला मुलगा-मुलगी बरोबर न्या. काय बोलले ते जसेच्या तसे, कुठे, कोणासमोर, आरोपीला आपली जात ठाऊक कशी, हे सारे लिहून घ्या. चार भिंतींत, बाहेरचे कोणी नसताना झालेला अपमान "सार्वजनिक दृष्टीत" धरला जात नाही. वाचून घेतल्याशिवाय सही करू नका. प्रत मोफत मिळते.

आणखी एक. कलम १५-अ प्रमाणे जामिनाच्या सुनावणीची सूचना पीडिताला मिळालीच पाहिजे आणि त्याला बोलू दिलेच पाहिजे. हे बंधनकारक असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली सांगितले. एक दिवसाची मजुरी बुडेल, पण त्या दिवशी कोर्टात हजर राहा. आपली बाकडी रिकामी दिसली, तर एकच बाजू ऐकली जाते.