नववी मात्रा

आकडेमोडीत माझा हात धरणारा आमच्या कचेरीत कुणी नव्हता. म्हणून धाकटी कथकच्या वर्गाला जाऊ लागली, तेव्हा तिच्या तालाचा हिशेब तपासण्याचे काम मी आपण होऊनच पत्करले.

हिशेब तसा सोपा! त्रितालाच्या मात्रा १६. चार-चारांचे चार विभाग. पहिल्या, पाचव्या आणि तेराव्या मात्रेवर टाळी. नवव्या मात्रेवर खाली, म्हणजे हात नुसता उलटा करायचा. पावलांचे बोल आठ : 'ता थेई थेई तत्, आ थेई थेई तत्'. 'ता' उजव्या पायाने, 'आ' मात्र डाव्याने. दोनदा म्हटले की आवर्तन पुरे. दुगुणीत मात्रेला दोन बोल, चौगुणीत चार.

परवा पोरगी तिहाईवर अडली. एकच तुकडा तीनदा नाचायचा आणि शेवटचा ठोका नेमका पुढच्या समेवर पडायला हवा. मी कागद घेतला. दोन्ही समा धरून मात्रा १७. पाच मात्रांचा तुकडा तीनदा, मध्ये दोनदा एकेक मात्रा थांबायचे. पंधरा आणि दोन सतरा!

"बघ, जमाखर्च मिळाला!" मी म्हणालो.

पोरगी नाचली आणि समेच्या एक मात्रा आधीच येऊन पोचली. पुन्हा तेच. माझा आवाज चढला. तिच्या डोळ्यांत पाणी आले.

तोच स्वयंपाकघराच्या दारातून शब्द आले, "मधली मात्रा खातेस तू. थांबायचं म्हणजे लय सोडायची नाही. मनात चालू ठेव."

आमची ही कणकेच्या हातांनीच टाळी देत ठेका म्हणू लागली. नवव्या मात्रेवर तिचा हात आपोआप उलटा झाला. पोरगी बरोबर समेवर आली.

तेव्हा मला आठवले. लग्नाआधी ही पाच वर्षे नाच शिकली होती. लग्नानंतर तिने एकदा घुंगरांची गोष्ट काढली, तेव्हा मी म्हणालो होतो, "आता कशाला?" ती काही बोलली नाही. मी समजलो, विषय संपला.

खालीवर टाळी वाजत नाही. पण ती मोजावीच लागते, नाहीतर सोळाचा मेळ बसत नाही. आणि मी मोठा हिशेबनीस!

काल वर्गात चौकशी करून आलो. म्हटले, "मोठ्या बायकांनाही घेतात म्हणे."

"आता कशाला?" ही म्हणाली.

पण ओट्याशी पोळ्या लाटताना तिची पावले हळूच आठ बोल मोजत होती.