फातोर्ड्याचा कोरो आणि माळ्यावरचा चेंडू

चोर्ला घाट उतरून गाडी केरीला आली की आमच्या आईच्या बोलण्यात आपोआप कोकणी हेल येतो. तिचं माहेर साखळीचं. लग्न होऊन बेळगावला आली त्याला पन्नास वर्षं होऊन गेली, पण अजून नारळ घेताना ती गोव्याच्या नारळाची आठवण काढल्याशिवाय राहत नाही. माझी पत्नी धारवाडची. त्यामुळे आमच्या घरात सकाळचा चहा मराठीत होतो, भाजीचा हिशेब कन्नडमध्ये आणि देवाजवळचं गाऱ्हाणं कोकणीत. सीमाभागातल्या कुटुंबांना यात नवल वाटणार नाही. मुलगा या तिन्ही भाषांत वाढला. मात्र फुटबॉलच्या बाबतीत त्याचा पक्ष एकच होता, बेंगळुरू एफसी. निळी जर्सी, पाठीवर छेत्रीचा अकरा नंबर. मी आईच्या माहेराला जागून गोव्याच्या बाजूचा.

२०१७ साली तो दहावीला होता. शाळा सुटली की दप्तर टाकून मैदान आणि दिवेलागणीला मळलेले पाय घेऊन घरी, असा त्याचा क्रम. सहामाहीचे गुण पाहून मी फर्मान काढलं, "मार्चपर्यंत चेंडू माळ्यावर." तो काही बोलला नाही. जेवायला मात्र बसला नाही. शेवटी आजीने मध्यस्थी केली आणि तह ठरला. ३० नोव्हेंबरला फातोर्ड्यात गोवा विरुद्ध बेंगळुरू सामना होता. तो दाखवायचा आणि परत आल्यावर चेंडू माळ्यावर. पत्नीने ऐकून एवढंच विचारलं, "एन्री, परीक्षा यार बरीतार? नीवा, अवना?" मी हसून वेळ मारून नेली.

गुरुवार होता. मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि दुपारी आम्ही बापलेक निघालो. जांबोटी मागे पडली, रान दाट झालं. याच खानापूरच्या रानात म्हादई उगम पावते आणि खाली गोव्यात मांडवी होऊन समुद्राला मिळते. याच रानात गवे आहेत आणि एफसी गोवाचं बोधचिन्हही गवाच. मी मुलाला म्हटलं, "बघ, गवा आपल्या तालुक्यातला आणि खेळतो गोव्याकडून." तो खिडकीबाहेर पाहत म्हणाला, "पप्पा, गोव्याचा गवा स्पेनहून आलाय. कोरो."

मग साखळी, फोंडा ओलांडून बोरीच्या पुलावर झुआरी दिसेपर्यंत त्याने मला कोरोची सगळी कुंडली सांगितली. पुढे कुतूहलाने मीही वाचत गेलो. ती थोडक्यात अशी.

फेर्रान कोरोमिनास हे त्याचं पूर्ण नाव. जन्म ५ जानेवारी १९८३ चा, स्पेनच्या कॅटलोनिया प्रांतातल्या जिरोना शहराजवळच्या व्हिलोबी द'ओन्यार या लहानशा गावचा. जिरोनाचा विमानतळ याच गावच्या हद्दीत आहे. प्रांताची बोली कॅटलन, देशाची भाषा स्पॅनिश. दुकानाच्या पाटीवर एक भाषा आणि सरकारी कागदावर दुसरी, हे तिथल्या माणसांना आपल्यासारखंच अंगवळणी पडलेलं. कोरो घडला बार्सिलोना शहरातल्या एस्पान्योल या क्लबात. बार्सिलोना म्हटलं की जगाला एकच क्लब आठवतो. पण त्याच शहरात १९०० साली स्थापन झालेला हा दुसरा क्लबही आहे आणि त्याच्या नावाचा अर्थच मुळी 'स्पॅनिश'. कॅटलन अस्मितेचा अभिमान मिरवणाऱ्या शहरात 'स्पॅनिश' नावाचा क्लब आणि त्यात खेळणारी कॅटलन खेड्यातली पोरं! हे गणित दिल्ली-मुंबईच्या माणसाला कदाचित उलगडून सांगावं लागेल. बेळगावच्या माणसाला नाही.

२००६ हे साल कोरोच्या आयुष्यातलं मोठं. १२ एप्रिलला माद्रिदच्या बर्नाबेऊ मैदानावर एस्पान्योलने झारागोझाचा ४-१ असा पराभव करून स्पेनचा राजे चषक जिंकला. त्या चारांतला एक गोल कोरोचा. आणि गंमत अशी की चषक घरी आणणारा हाच संघ लीगमध्ये मात्र खालच्या श्रेणीत घसरण्याच्या काठावर होता. १३ मे रोजी लीगचा शेवटचा सामना झाला. १९९२ च्या ऑलिम्पिकसाठी सज्ज केलेलं मोंजुइक टेकडीवरचं मैदान, समोर रेआल सोसिएदाद. नव्वद मिनिटं संपली तरी गोल नाही. बरोबरी म्हणजे घसरण. आणि जादा वेळेत कोरोने चेंडू जाळ्यात टाकला. एस्पान्योल वाचला, आलावेस खाली गेला. एकाच गोलावर एका गावात दिवाळी आणि दुसऱ्या गावात सुतक.

पुढच्या वर्षी एस्पान्योल युएफा चषकाच्या अंतिम फेरीत पोहोचला. उपांत्य फेरीत ब्रेमेनच्या मैदानावर कोरोने गोल केला होता. ग्लासगोतली अंतिम लढत मात्र सेव्हियाने पेनल्टींवर जिंकली. त्यानंतर आलेख उतरत गेला. ओसासुना, मग घरच्या जिरोनाकडून दुसऱ्या श्रेणीत, मग एल्चे, मयोर्का. शेवटी सायप्रसमधला दोक्सा नावाचा क्लब, ज्याचं नाव फुटबॉलवेड्यांनीही क्वचितच ऐकलेलं. चौतिशी आली. युरोपात या वयाच्या स्ट्रायकरला कोणी फार विचारत नाही. तेव्हा तो गोव्याला आला.

"म्हणजे रिटायर व्हायच्या आधी गोवा फिरायला आला," मी म्हटलं.

"आज रात्री बघाच," मुलगा म्हणाला. समोर त्याचाच लाडका संघ होता, तरी असं म्हणाला हे विशेष.

फातोर्डा म्हणजे मडगावला लागूनच. १९८९ मध्ये बांधलेलं हे नेहरू स्टेडियम सामन्याच्या दिवशी दुरूनच ओळखू येतं. भगव्या-केशरी जर्सी घातलेली कुटुंबंच्या कुटुंबं रस्त्यावरून चालत असतात. त्यात पोर्तुगीज काळ पाहिलेल्या आजीबाई असतात आणि कडेवरचं तान्हं मूलही असतं. १८८३ साली शिवोलीत फादर विल्यम लायन्स यांनी गोव्यात फुटबॉल आणला असं सांगतात. तेव्हापासून तो इथे चर्चच्या आवारात आणि कापणी झालेल्या शेतात वाढला. ब्रह्मानंद शंखवाळकरांसारखा गोलरक्षक, ब्रुनो कुतिन्होसारखा आघाडीवीर याच मातीतले. २०१२ मध्ये सरकारने फुटबॉलला राज्याचा खेळ म्हणून जाहीर केलं, पण लोकांनी ते केव्हाच ठरवून टाकलं होतं. बाहेर गाड्यावर आम्ही रोस ऑमलेट खाल्लं. निळ्या जर्सीतल्या माझ्या मुलाला गाडेवाल्याने कोकणीत विचारलं, "खंयचो रे तूं?" याने बेधडक उत्तर दिलं, "बेळगांवचो. म्हजी आजी साखळेची." गाडेवाल्याने एक पाव जास्त ठेवला.

रात्री आठला सामना सुरू झाला. पहिली काही मिनिटं मी कोरोला शोधतच होतो. बुटकासा, ना धिप्पाड ना वाऱ्यासारखा धावणारा. नुसता बचावपटूच्या खांद्याशी रेंगाळत होता, जणू बसची वाट पाहतोय. मुलगा म्हणाला, "पप्पा, चेंडूकडे नका बघू. त्याच्याकडे बघा." मग दिसायला लागलं. तो दोन पावलं मागे येई, बचावपटू सैल पडे आणि त्याच क्षणी हा दोघांच्या मधल्या फटीत. चेंडू नंतर येई, हा तिथे आधी पोहोचलेला. वीस वर्षं वर्गात शिकवूनही मला हे कळलं नव्हतं की वाट पाहणं हेसुद्धा एक काम असतं.

त्याने पहिला गोल केला. बेंगळुरूने बरोबरी साधली. त्याने दुसरा केला. मग बेंगळुरूच्या गुरप्रीतला लाल कार्ड मिळालं, पेनल्टीवर लान्झारोतेने गोल केला आणि मध्यंतराला गोवा ३-१ पुढे होता. आमची बाजू निवांत झाली. पण दहा खेळाडूंच्या बेंगळुरूने उत्तरार्धात दोन गोल फेडले. तीन-तीन! मुलगा एकटाच उभा राहून ओरडत होता आणि आजूबाजूचे केशरी लोक त्याच्याकडे रागाने नव्हे, कौतुकाने पाहत होते. आणि मग पुन्हा कोरो. तिसरा गोल, चार-तीन. मैदान हादरलं. मी नकळत उभा राहिलो आणि शेजारी पाहिलं, तर मुलगा खाली बसून टाळ्या वाजवत होता. त्याच्या संघाविरुद्धच्या गोलाला.

मुक्काम साखळीला मामेभावाकडे होता. अंधारात बोरीच्या पुलावर मुलाने विचारलं, "पप्पा, कोरोच्या पप्पांनी त्याचा चेंडू माळ्यावर ठेवला असता तर?"

मी गाडी चालवत राहिलो. उत्तर तयार होतं. सगळेच काही कोरो होत नाहीत, लाखातला एखादा, वगैरे. वर्गात असली उत्तरं मी रोज देतो. पण तोंडातून शब्द निघेना. कारण चेंडू माळ्यावर ठेवण्याची ही कल्पना माझी नव्हतीच. मी दहावीत असताना माझ्या वडिलांनी माझे बूट असेच माळ्यावर ठेवले होते. मार्चपर्यंत म्हणून. एप्रिलमध्ये काढले तेव्हा ते पायाला होत नव्हते. नवे मागायचा धीर झाला नाही आणि वडिलांच्याही ते लक्षात आलं नाही. वडील वाईट नव्हते. मी शिकावं एवढंच त्यांना हवं होतं आणि मी शिकलोही. एम.ए. झालो, नोकरी लागली. पण मी काही पुढे खेळाडू होणार होतो म्हणून ते बूट आठवत नाहीत. संध्याकाळ झाली की पाय मैदानाकडे ओढ घेत, ती ओढच गेली. ती परत आली नाही.

हे सगळं मी मुलाला सांगितलं. आजवर त्याच्या आईलाही सांगितलं नव्हतं. तो ऐकून गप्प बसला. थोड्या वेळाने म्हणाला, "मी रोज फक्त पाऊण तास खेळीन. दिवेलागणीच्या आत घरी." मी म्हटलं, "ठीक आहे."

घरी पत्नीने तहातला हा बदल ऐकला आणि कपाळाला हात लावला. पण चेंडू माळ्यावर चढला नाही. पुढच्याच आठवड्यात, ९ डिसेंबरला, कोरोने केरळविरुद्ध आठ मिनिटांच्या आत तीन गोल केले. लागोपाठ दुसरी हॅटट्रिक. त्या मोसमात चौतिशी-पस्तिशीतल्या या माणसाने १८ गोल करून सर्वाधिक गोलांचा मान मिळवला. पुढच्या मोसमात १६, पुन्हा तोच मान आणि शिवाय स्पर्धेतल्या सर्वोत्तम खेळाडूचाही. आमच्या चिरंजीवांना दहावीला पहिला वर्ग मिळाला. फार मोठे गुण नव्हते, पण पेढे वाटले.

१७ मार्च २०१९ चा रविवार आमच्या घरात अजून निघतो. अंतिम सामना मुंबईत, गोवा विरुद्ध बेंगळुरू. कोचावर एका बाजूला मी आणि आई, दुसऱ्या बाजूला पत्नी आणि मुलगा. कोरोला त्या दिवशी बेंगळुरूने हलू दिलं नाही. जादा वेळ संपत आला असताना कॉर्नरवरून आलेला चेंडू राहुल भेकेने डोक्याने जाळ्यात मारला आणि बेंगळुरू विजेता. भेके मुंबईचा! गोव्याला मुंबईत हरवलं कर्नाटकाच्या संघाने आणि गोल केला मराठी मुलाने. आई म्हणाली, "आता मी कोणाला शिव्या देऊ?" घरभर हसू फुटलं. पुढच्याच महिन्यात भुवनेश्वरला सुपर चषक गोव्याने जिंकला, अंतिम सामन्यात कोरोचा गोल होताच, तेव्हा आईने शिरा केला.

२०२० मध्ये गोव्याने साखळी फेरीत पहिलं स्थान मिळवलं आणि आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटफेरीत जाणारा तो पहिला भारतीय क्लब ठरला. पण २०२१ मध्ये ते सामने फातोर्ड्यात झाले तेव्हा साथीमुळे मैदान रिकामं होतं आणि कोरोही गोवा सोडून गेलेला होता. तीन मोसमांत त्याचे ५७ सामन्यांत ४८ गोल झाले. तो विक्रम पुढे २०२२ मध्ये ओगबेचेने मोडला.

मुलगा आता बेंगळुरूत नोकरी करतो. फुटबॉलपटू झाला नाही, होणारही नव्हता. पण रविवारी सकाळी कंपनीतल्या मित्रांबरोबर खेळतो आणि नंतर फोन करतो. परवा म्हणाला, "पप्पा, आज एक गोल केला. आधीच जाऊन उभा होतो."

दिवाळीला आईला घेऊन साखळीला गेलो होतो. येताना मुद्दाम फातोर्ड्यावरून वळसा घेतला. सामना नव्हता, फाटक बंद होतं. बाहेरच्या मोकळ्या जागेत चार पोरं खेळत होती. चेंडू घरंगळत माझ्या पायाशी आला. पन्नाशीला टेकलेल्या गुडघ्याने मी तो परत मारला. वाकडा गेला. पोरं हसली. आई गाडीतून म्हणाली, "अजून येतं की रे तुला."