यंत्राची पावकी

बेरीज गरिबाच्या घरीं एक व श्रीमंताच्या घरीं दुसरी येत नाहीं, म्हणून गणितावर सर्वांचा भरंवसा. परंतु तीच बेरीज संगणकास सांगितली असतां उत्तराचे शेवटचे अंक कांहीं अंशीं त्या यंत्राच्या घडणीवर अवलंबून असतात, ही गोष्ट आमच्या पुष्कळ बालवाचकांस ठाऊक नसेल. शाळेंतील संगणकास ०.१ आणि ०.२ यांची बेरीज करून सर्व अंक दाखविण्यास आम्हीं सांगितलें, तेव्हां त्यानें ०.३०००००००००००००००४ असें उत्तर दिलें. वर्गांत हंशा पिकला. यंत्र बिघडलें, असें एका विद्यार्थ्यानें जाहीरही करून टाकलें. यंत्र मात्र शाबूत होतें.

संगणक दहाच्या नव्हे, दोनाच्या पटींत मोजतो. त्यामुळें आपल्या आजोबा-पणजोबांनीं घोकलेली पावकी, निमकी व पाउणकी त्यास तोंडपाठ आहे, असें म्हणण्यास हरकत नाहीं. पाव, अर्धा, पाऊण, अडीच, औट हे आंकडे तो तंतोतंत ठेवतो. अडतें तें दशांशापाशीं. १९५७ सालीं दशमान नाणीं येण्यापूर्वीं रुपयाचे सोळा आणे व आण्याच्या बारा पै असत. त्या रुपयाचा चौथा हिस्सा चार आणे, तिसरा हिस्सा पांच आणे चार पै. पण दहावा हिस्सा काढूं गेल्यास एक आणा सात पै होऊन वर पैचा पांचवा भाग उरे, आणि तेवढें नाणें कोठेंच मिळत नसे. दशांशापुढें संगणकाची हीच गत होते. तो अगदीं जवळचा आंकडा घेतो व पुढें चालूं लागतो.

किती जवळचा, हा खरा प्रश्न. पूर्वीं प्रत्येक कारखानदाराची रीत निराळी असे. आयबीएमच्या १९६४ सालच्या सिस्टिम/३६० यंत्रांत अपूर्णांक सोळाच्या पटींत ठेवीत, इतर कित्येक यंत्रांत दोनाच्या. सबब एकच आज्ञावली दुसऱ्या यंत्रावर नेली कीं शेवटचे अंक बदलत. गणितज्ञ विल्यम कहान यांच्या मोठ्या खटपटीनें १९८५ सालीं एक सामायिक नियम ठरला. तरी इंटेलचें १९८० सालचें ८०८७ हें गणितयंत्र मधला हिशेब ८० स्थानांत ठेवी, दुसरीं यंत्रें ६४ स्थानांत. त्यामुळें थोडा भेद राहिलाच.

एवढ्या बारीक फरकाची काय मातबरी, असें वाचक म्हणतील. २५ फेब्रुवारी १९९१ रोजीं सौदी अरेबियांतील धाहरान येथें अमेरिकन सैन्याच्या पेट्रिअट क्षेपणास्त्रांच्या ठाण्यावरील संगणक सेकंदाच्या दहाव्या भागानें वेळ मोजीत होता. तो दशांश २४ द्विमान स्थानांत कापून बसविलेला होता. संगणक सुमारें शंभर तास अखंड चालला आणि हिशेबांतील वेळ सुमारें ०.३४ सेकंदानें चुकली. तेवढ्यांत स्कड क्षेपणास्त्र अर्ध्या किलोमीटरहून अधिक अंतर कापतें. यंत्रानें तें भलत्याच जागीं शोधलें, आणि २८ सैनिक प्राणांस मुकले. दुरुस्त केलेली आज्ञावली धाहरानला पोहोंचली ती दुसऱ्या दिवशीं.

आमच्या शाळेच्या वस्तुभांडाराचा हिशेब ठेवणारी आज्ञावली यंदा वरच्या वर्गांतील मुलांनीं लिहिली. तींत रुपयांचे अपूर्णांक मुळींच नाहींत. सर्व रकमा पैशांत, पूर्णांकांनीं मांडल्या आहेत. साडेबारा रुपये म्हणजे १२५०. साडेबारा तसेही चोख राहिले असते म्हणा. बारा रुपये दहा पैसे राहिले नसते.