वतन आणि कॅमेरा

'हाइमात' हा जर्मन शब्द मला मराठीत आणता आलेला नाही. 'मातृभूमी' म्हटलं की त्याला झेंडा चिकटतो, 'गाव' म्हटलं की तो आखूड होतो. आपल्या घरांत बोललं जाणारं 'वतन' त्यातल्या त्यात जवळचं. पाटील-देशमुखांचं नव्हे, उर्दूतलं. याच नावाची एडगर राइट्झ यांची अकरा भागांची मालिका १९८४ साली पश्चिम जर्मनीच्या टेलिव्हिजनवर आली. कॅमेरा होता गेर्नोट रोल यांचा.

रोल १९३९ साली ड्रेस्डेनमध्ये जन्मले. पूर्व जर्मनीच्या डेफा स्टुडिओत ते हे काम शिकले आणि बर्लिनची भिंत उभी राहण्याआधीच म्युनिकला आले. २०२० मध्ये ते वारले. म्हणजे वतन सोडणं काय असतं, हे त्यांना ऐकीव नव्हतं.

शाबाख हे मालिकेतलं काल्पनिक खेडं हुन्सरुकच्या डोंगराळ भागातलं. १९१९ साली पाउल सिमोन युद्धकैदेतून पायी घरी परततो आणि काही न बोलता लोहार बापाच्या कामाला हात लावतो. मग स्वयंपाकघरात नातलग जमतात, बोलत राहतात, पाउल गप्प. रोल यांचा कॅमेरा घाई करत नाही. चेहऱ्यांना जेवढं महत्त्व, तेवढंच हातांना आणि अवजारांना. चित्र बरंचसं कृष्णधवल, पण मध्येच रंग उमटतो. आठवण कृष्णधवल आणि वर्तमान रंगीत, असं सोपं गणित मी मांडून पाहिलं, जमलं नाही. २०१३ च्या 'दुसरी हाइमात'मध्ये राइट्झ-रोल जोडीने हा खेळ आणखी संयमाने केला. एकोणिसाव्या शतकातलं, ब्राझीलच्या वाटेला लागलेलं उपाशी खेडं सगळं करडं; त्यात तापलेला नाल तेवढा लाल, जवसाची फुलं तेवढी निळी.

इतक्या मायेने दाखवलेल्या गावात ज्यू मात्र जवळपास दिसत नाहीत. हा आक्षेप तेव्हाच घेतला गेला आणि मला तो पटतो. कॅमेरा कुठे लावायचा हे दिग्दर्शक ठरवतो, हे खरं. तरी चौकट जितकी सुंदर, तितकं तिच्याबाहेर राहिलेलं माणूस मला अधिक टोचतं. अल्पसंख्य माणसाला ही सवयच लागते : चित्र पाहताना आपण त्यात कुठे आहोत, हे आधी शोधायचं.

म्हणून २००१ चा 'आफ्रिकेत कुठेच नाही' मला महत्त्वाचा वाटतो. दिग्दर्शन कारोलिने लिंक यांचं, कॅमेरा पुन्हा रोल यांचा. २००३ साली त्याला परभाषी चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. हिटलरच्या राज्यातून १९३८ साली केनियात निसटलेलं ज्यू कुटुंब. आई येटेल येताना शीतपेटीऐवजी झगमगीत पोशाख घेऊन येते. इथे रंगांची काटकसर नाही. ऊन, लाल माती, कोरडं गवत पडदाभर पसरतं. मुलगी तिथली भाषा पटकन उचलते, आईला मात्र वर्षं लागतात.

शेवटी जर्मनीला परतताना गाडी थांबते. खिडकीपाशी एक बाई केळी विकायला येते. पैसे नाहीत, असं येटेल तिला तिच्याच भाषेत सांगते. बाई हसते आणि एक केळं तसंच तिच्या हातात देते.