प्लिमथ: जॅक लेस्लीच्या गावाला

लंडनच्या पॅडिंग्टन स्टेशनातून सुटलेली गाडी एक्झिटर मागे टाकलं की समुद्राच्या अगदी कडेला येते. डॉलिशपाशी रूळ आणि पाणी यांच्यामध्ये एक दगडी भिंत तेवढी उरते. पुढे तांबड्या कड्यांमधले बोगदे, डेव्हनची हिरवीगार टेकाडं, आणि साधारण तीन-सव्वातीन तासांत प्लिमथ. हा मार्ग अभियंता ब्रुनेलने आखला. बाहेर बघत असताना माझ्या मनात मात्र या मार्गावरून शंभर वर्षांपूर्वी शनिवारच्या सामन्यांसाठी ये-जा करणारे फुटबॉलपटू होते. प्लिमथ अर्गाइलचा संघ तेव्हा थर्ड डिव्हिजन साउथमध्ये खेळायचा. नॉर्विच, साउथएंड, जिलिंगहॅम, ल्यूटन ही प्रतिस्पर्धी गावं सगळी देशाच्या दुसऱ्या टोकाला. एवढ्या धावपळीच्या कमाईलाही मर्यादा होती: १९२२ नंतर फुटबॉलपटूला हंगामात आठवड्याला जास्तीत जास्त आठ पौंड देता येत, उन्हाळ्यात सहा. वरच्या डिव्हिजनच्या नामवंतालाही मर्यादा तीच.

त्या संघातला जॅक लेस्ली हा इनसाइड लेफ्ट, म्हणजे डावीकडून आतल्या बाजूने खेळणारा आघाडीपटू. त्याच्यासाठी मी हा प्रवास करत होते.

प्लिमथला येणारे प्रवासी आधी समुद्रावर जातात, तशी मीही गेले. ‘हो’ नावाचं तिथलं पठार खरोखर सुंदर आहे. लाल-पांढऱ्या पट्ट्यांचा स्मीटनचा दीपस्तंभ, दर्यावर्दी ड्रेकचा पुतळा, खाली बंदरात शिरणारी जहाजं. जवळच्या बार्बिकन भागात १६२०मध्ये स्थलांतरितांना अमेरिकेला नेणारं ‘मेफ्लॉवर’ जहाज जिथून निघालं, त्याची खूण जपली आहे. पण याच बंदराची दुसरी कथाही आहे. १५६२मध्ये प्लिमथच्या जॉन हॉकिन्सने आफ्रिकेतून माणसं पकडून अटलांटिकपार विकायला नेली. इंग्रजांच्या गुलाम-व्यापारातल्या अगदी पहिल्या सफरींपैकी ती एक. त्या व्यापाराने पुढे जी बेटं उसाच्या मळ्यांनी भरून टाकली, त्यांतल्या जमैकातून लेस्लीचे वडील लंडनला आले. आई इंग्लिश. जॅकचा जन्म १९०१चा, पूर्व लंडनच्या गोदी भागातल्या कॅनिंग टाउनचा. हाताला धंदा बॉयलर बनवण्याचा आणि पायात फुटबॉल. बार्किंगच्या संघाकडून त्याने गोलांचा पाऊस पाडला आणि १९२१मध्ये प्लिमथने त्याला आणलं.

शहरात एक चौक या हॉकिन्सच्या नावाचा होता. २०२०मध्ये नगर परिषदेने त्याला जॅक लेस्लीचं नाव द्यायचं ठरवलं. त्यावर आक्षेप आले, प्रकरण कोर्टापर्यंत गेलं. गुलाम विकणाऱ्याच्या पाटीसाठी इतकी धडपड व्हावी, याचं मला वाईट वाटलं.

जुनं प्लिमथ आता फारसं उरलेलं नाही. दुसऱ्या महायुद्धात, १९४१च्या बॉम्बहल्ल्यांत शहराचा मध्यभाग जळून गेला. चार्ल्स चर्चच्या बिनछपराच्या भिंती मेलेल्या नागरिकांचं स्मारक म्हणून तशाच ठेवल्या आहेत, चहूबाजूंनी मोटारी फिरतात. युद्धानंतर नगररचनाकार अ‍ॅबरक्रॉम्बीच्या आराखड्यावर नवं शहर उभं राहिलं, म्हणून रस्ते रुंद, सरळ, आणि इमारती एकाच फिकट दगडाच्या. लेस्ली ज्या गल्ल्यांतून फिरला असेल त्या शोधायला जाण्यात अर्थ नव्हता. त्याच्या काळातली जी एक जागा आजही त्याच कामासाठी वापरली जाते, तिकडे मी वळले. होम पार्क. स्टेशनपासून चढाच्या रस्त्याने पायी जाता येतं. बॉम्ब या मैदानावरही पडले होते, स्टँड पुन्हा बांधावे लागले, पण खेळायची जमीन तीच.

या जमिनीवर अर्गाइलने जी चिकाटी दाखवली तिला तोड नाही. १९२१-२२पासून १९२६-२७पर्यंत, सलग सहा हंगाम, हा संघ दुसरा आला. तेव्हा वर चढायची संधी फक्त पहिल्या क्रमांकाला मिळे. पहिल्या वेळी तर साउथॅम्प्टनशी गुण सारखे झाले आणि गोलांच्या सरासरीवर बढती हुकली. बेचाळीस सामन्यांचा हंगाम, शेवटी हाती काही नाही, आणि ऑगस्टमध्ये पुन्हा तीच सुरुवात. लेस्ली यातून घडला. बाहेरच्या बाजूने स्कॉटलंडचा सॅमी ब्लॅक धावायचा, आतून लेस्ली. अर्गाइलसाठी या जोडीने मिळून तीनशेहून अधिक गोल केले. ब्लॅक आजही क्लबचा सर्वाधिक गोल करणारा खेळाडू आहे. लेस्लीचे गोल १३७, सुमारे चारशे सामन्यांत. अखेर १९३०मध्ये संघ पहिला आला आणि सेकंड डिव्हिजनमध्ये गेला. जानेवारी १९३२मध्ये एफए कपमध्ये याच मैदानावर मँचेस्टर युनायटेडला ४-१ हरवलं, तेव्हा कर्णधार लेस्ली होता. पुढच्या फेरीत लंडनला आर्सेनलसमोर हार झाली, पण तो सामना बघायला पासष्ट हजारांवर लोक आले होते. त्या काळात एक कृष्णवर्णीय माणूस इंग्लंडमधल्या व्यावसायिक संघाचं नेतृत्व करत होता आणि त्याचं गाव त्याच्यामागे उभं होतं, हे आधी सांगायला हवं. त्याची गोष्ट सांगताना लोक एकदम १९२५च्या ऑक्टोबरवर उडी घेतात.

तो ऑक्टोबर असा. मॅनेजर बॉब जॅकने लेस्लीला बोलावून सांगितलं, तुझी इंग्लंडसाठी निवड झाली आहे. निवडीचा अर्थ बॉब जॅकला चांगला ठाऊक होता. त्याचा मुलगा डेव्हिड इंग्लंडकडून खेळलेला. तिसऱ्या डिव्हिजनच्या खेळाडूला हा मान क्वचित मिळे, त्यामुळे गावभर आनंद झाला. मग वर्तमानपत्रांत यादी आली आणि त्यात लेस्लीचं नाव नव्हतं. संघ निवडायची ती एक समिती, जाब विचारायचा कुणाला? लेस्लीने पुढे म्हातारपणी सांगितलं की एफएची (इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेची) माणसं त्याला पुन्हा बघायला आली होती, पण त्यांनी खेळ बघितला नाही, चेहरा बघितला. २४ ऑक्टोबरला बेलफास्टमध्ये इंग्लंड आयर्लंडशी ०-० बरोबरीत अडकलं. त्याच दिवशी इथे, होम पार्कवर, अर्गाइलने बोर्नमथला ७-२ हरवलं. त्यातले दोन गोल लेस्लीचे.

ही तारीख वाचल्यापासून मला राग येतो, आणि मैदानाच्या कुंपणाशी उभी राहिले तेव्हाही आला. पण त्याहून मोठं मला दुसरं वाटतं. तो त्यानंतरही जवळजवळ नऊ वर्षं याच हिरव्या जर्सीत खेळला, कर्णधार झाला, गोल करत राहिला. खेळ संपल्यावर पूर्व लंडनला परतला आणि पुन्हा बॉयलरचं काम धरलं. साठीत वेस्ट हॅम क्लबच्या दारात काम मागायला गेला, तेव्हा मॅनेजर रॉन ग्रीनवुडने त्याला ओळखलं. मग बॉबी मूर, जेफ हर्स्ट यांच्यासारख्या नामवंत खेळाडूंचे बूट लेस्ली साफ करत असे, आणि बूट साफ करणारा हा म्हातारा कोण, हे त्यांतल्या बहुतेकांना माहीत नव्हतं. १९७८मध्ये व्हिव्ह अँडरसन इंग्लंडच्या मुख्य संघाकडून खेळणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला. त्याला निवडणारा मॅनेजर होता रॉन ग्रीनवुड. लेस्ली तेव्हा हयात होता. १९८८मध्ये तो गेला.

त्याचा ब्राँझचा पुतळा होम पार्कबाहेर २०२२मध्ये उभा राहिला, लोकांनी वर्गणी काढून. २०२३मध्ये इंग्लंडकडून खेळणाऱ्यांना दिली जाणारी मानाची टोपी एफएने त्याच्या कुटुंबाला दिली. पुतळ्यापाशी मी बराच वेळ थांबले. हिरवा मफलर गुंडाळलेल्या एका बाईने आपल्या नातवाला त्याच्यासमोर उभं करून फोटो काढला, आणि नातू लगेच धावत दुकानाकडे गेला.

अर्गाइल २०२५मध्ये पुन्हा घसरून तिसऱ्या पातळीवर आलं आहे, लेस्लीने जिथे सर्वाधिक वर्षं काढली तिथेच. कुणी प्लिमथला जाणार असेल तर ‘हो’च्या पठारावर एक सकाळ पुरे होते. दुपार होम पार्कसाठी ठेवावी, आणि जमलं तर सामना असलेला शनिवारच निवडावा.