राजाचं डोकं, सुसोनाची कवटी

सेव्हिलच्या जुन्या गल्ल्यांतून वर पाहिलं, की आभाळाची नुसती चिंधी दिसते. दक्षिण स्पेनचं ऊन इतकं कडक, की सिएर्पेस रस्त्यावर उन्हाळ्यात आजही घरांच्या माथ्यांवरून कापडाचं छत ताणतात. सिएर्पेस म्हणजे साप. कुठला साप, याच्या जितकी तोंडं तितक्या कथा. इथल्याच शाही तुरुंगात १५९७ साली करवसुलीच्या हिशेबापायी लेखक सर्व्हांतेस अडकला होता. बोटेरोस गल्ली वाइनचे चामडी बुधले करणाऱ्यांची. अशा पोटापाण्याच्या नावांत गूढ नसतं; वाचावं आणि पुढे जावं.

पाय अडतो तो 'राजा डॉन पेद्रोचं डोकं' या पाटीपाशी. चौदाव्या शतकातला हा राजा वैऱ्यांच्या लेखी क्रूर, चाहत्यांच्या लेखी न्यायी. दंतकथा सांगते, की रात्री एकटाच हिंडताना त्याने एकाला तलवारीने आडवा केला. आवाजाने एक म्हातारी तेलाचा दिवा घेऊन खिडकीशी आली. मारेकऱ्याचा चेहरा दिसला नाही, पण जाताना त्याचे गुडघे कटकट वाजले. आणि कुणाचे गुडघे वाजतात, हे गावाला पाठ होतं. खुन्याचं मुंडकं गुन्ह्याच्या जागी टांगायचं, असा रिवाज. राजाने ते टांगलंही, पण बंद पेटीत. पेटी उघडली तेव्हा आत निघालं राजाचंच डोकं, घडवलेलं! आज तिथे कोनाड्यात मुकुट-राजदंडासह दगडी पेद्रो ऐटीत आहे. जवळच्या गल्लीला त्या दिव्याचं नाव आहे, कान्दिलेखो. मला राजापेक्षा दिवा आवडतो.

तिथून चालत जाण्याच्या अंतरावर सांता क्रूझ, पूर्वीची ज्यू वस्ती. १३९१ च्या कत्तलीनंतर इथल्या अनेकांनी जीव वाचवायला धर्म बदलला. अशाच एका घरातली सुसोना. बाप इन्क्विझिशनविरुद्ध, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाविरुद्ध, कट रचतोय, हे तिने ख्रिस्ती प्रियकराच्या कानी घातलं. बाप जिवानिशी गेला. आपलं मस्तक याच दारावर टांगा, असं ती मरताना सांगून गेली म्हणतात. गल्लीला पुढे 'मृत्यू'च म्हणत. आता तिचं नाव आहे आणि भिंतीवर कवटीची फरशी.

दंतकथेतसुद्धा राजा घडवलेल्या डोक्यावर सुटला, पोरीला खरं द्यावं लागलं. हा न्याय मला पटत नाही. सेव्हिलला गेलात, तर आधी नदीपलीकडे त्रियानाला जा. इन्क्विझिशनचा किल्ला तिथे होता. एका बोळाला अजून तेच नाव आहे. तो बोळ पाहा आणि मगच सुसोनाच्या दारी उभे राहा.